कोमोडो ड्रॅगनच्या बेटावर: अंतर कसं राखायचं, आणि चावलाच तर काय करायचं

घोरपड पाहिलेल्या माणसाला कोमोडो ड्रॅगनबद्दल एक खोटा धीर असतो. माणसाची चाहूल लागली की घोरपड सरसर झुडपात शिरते. कोमोडो ड्रॅगन तिच्याच कुळातला. तशीच टोकाला दुभंगलेली जीभ, तशीच अंग डुलवत चालायची ढब. पण पूर्ण वाढलेला नर अडीच मीटरच्या वर जातो आणि वजनाला सत्तर ते नव्वद किलो भरतो. नोंदलेला सर्वांत मोठा ३.१३ मीटर लांब आणि १६६ किलोचा होता, अर्थात पोटातल्या न पचलेल्या शिकारीसकट. हे जनावर हरणं, रानडुकरं आणि प्रसंगी म्हैससुद्धा मारतं. माणूस दिसला म्हणून ते जागचं हलत नाही. पडल्या जागेवरून डोळा उघडतं, जीभ एकदा बाहेर काढतं आणि बघत राहतं. घोरपडीची सवय इथे उपयोगाची नाही, तेव्हा ती बोटीतच ठेवून उतरा.

आधी भीतीचं माप नीट घेऊ. कोमोडो राष्ट्रीय उद्यानाच्या नोंदींप्रमाणे १९७४ ते २०१२ या काळात माणसांवर २४ हल्ले झाले आणि त्यांतले ५ जिवावर बेतले. चार दशकांच्या मानाने हा आकडा लहान आहे, आणि त्यात तिथेच राहणारे गावकरी आणि उद्यानाचे कर्मचारीही आहेत. चार तासांच्या सहलीला येऊन रेंजरच्या मागे निमूट चालणाऱ्याला धोका फारच थोडा. मात्र या हल्ल्यांच्या हकिगती एकेक करून वाचल्या की तीच कारणं पुन्हा पुन्हा समोर येतात. माणूस खाली बसलेला किंवा पडलेला होता, एकटा होता, जवळ रक्त किंवा मांस होतं, नाहीतर ड्रॅगन तिथे आहे हे त्याला कळलंच नव्हतं. २००७ आणि २००९ साली कोमोडो बेटावर जे दोघे गेले, ते रक्तस्रावाने गेले. म्हणून या लेखाचा बराच भाग ड्रॅगन अंगावर येण्याआधीच्या वेळेबद्दल आहे, आणि उरलेला चाव्यानंतरच्या तासाबद्दल. मधले चार-पाच सेकंद नशिबाचे आणि काठीचे.

तो कुठे भेटतो आणि कधी

जगात हे जनावर मोकळं राहतं ते फक्त इंडोनेशियात: कोमोडो, रिंचा, गिली मोतांग आणि नुसा कोदे ही बेटं, शिवाय फ्लोरेस बेटाच्या किनाऱ्याचे काही तुकडे. स्थानिक लोक त्याला ‘ओरा’ म्हणतात. कोमोडो गावात अशी कथा सांगतात की पुत्री नागा नावाच्या राजकन्येला जुळं झालं, एक माणसाचं पोर आणि एक ओरा, त्यामुळे ओरा हा गावाचा भाऊबंद. भाऊबंदकी किती धोक्याची असते हे गावकऱ्यांना ठाऊक असावं, कारण त्यांची घरं उंच खांबांवर आहेत.

पर्यटक बोटीने येतात ते फ्लोरेसच्या पश्चिम टोकाच्या लाबुआन बाजो या गावातून. उतरायच्या मुख्य जागा दोन: कोमोडो बेटावर लोह लिआंग आणि रिंचावर लोह बुआया. लोह बुआयाला आता उंचावरून जाणारी पायवाट बांधली आहे. तिच्यावर असाल तर निम्मी काळजी मिटली. उरलेली निम्मी तुम्ही खाली उतरल्यावर सुरू होते.

सकाळी तो ऊन खाऊन अंग तापवतो, मग हिंडतो. भर दुपारी सावलीत पसरतो, कलत्या उन्हात पुन्हा उठतो आणि रात्री बिळात जातो. म्हणजे सकाळ आणि दुपार उतरतानाची वेळ ही त्याच्या हालचालीची, आणि नेमकी तीच तुमच्या फिरण्याची. दुपारचा ड्रॅगन सुस्त दिसतो म्हणून त्याच्याजवळ जाऊ नये. तो झोपलेला असेलच असं नाही, फक्त हलायचं कारण त्याला अजून मिळालेलं नसतं.

ऋतूचाही हिशेब धरा. जुलै-ऑगस्टमध्ये माद्यांसाठी नरांची झटापट चालते, सप्टेंबरच्या सुमारास माद्या अंडी घालतात. घरट्यासाठी त्या बऱ्याचदा मेगापोड पक्ष्याने रचलेला पालापाचोळ्याचा आणि मातीचा जुना ढिगारा वापरतात, आणि पुढे काही महिने तिथे राखणीला बसतात. वाटेच्या कडेला उकरलेल्या मातीचा उंचवटा दिसला तर त्यावर चढून फोटो काढायचा मोह आवरा. पोटभर जेवलेला नर एक वेळ तुमच्याकडे दुर्लक्ष करील, राखणीला बसलेली मादी करणार नाही.

तो शिकार कशी करतो

पुढच्या सगळ्या सूचना इथूनच येतात, म्हणून हा भाग घाईने वाचू नका.

ड्रॅगन पाठलाग करून दमवणारा शिकारी नाही. हरणांच्या वाटेला लागून, झुडपाच्या कडेला तो दबा धरून पडतो. त्याचा रंग वाळक्या मातीचा, कातडी ओबडधोबड, हालचाल शून्य. चिंचेच्या बुंध्याशी पडलेला वाळका ओंडका आणि तो यांत दहा पावलांवरूनही फरक कळत नाही. सावज टप्प्यात आलं की उठतो आणि ताशी २० किलोमीटरच्या आसपासच्या वेगाने झेपावतो. हा वेग तो फार वेळ टिकवत नाही. गणित करून बघा: सेकंदाला साडेपाच मीटर. रेंजर साधारणपणे पाच मीटर अंतर ठेवायला सांगतात, म्हणजे ड्रॅगनच्या हिशेबात एक सेकंदही नाही. हे अंतर पडून राहिलेल्या आणि रेंजरची नजर असलेल्या ड्रॅगनसाठी आहे. चालणाऱ्या ड्रॅगनपासून माझ्या मते दहा मीटर ही किमान मर्यादा धरावी, आणि तुमच्या दिशेने चालणाऱ्यापासून जितकं मिळेल तितकं.

वास तो जिभेने घेतो. दुभंगलेल्या जिभेच्या टोकांवर हवेतले कण येतात, ते टाळूतल्या एका इंद्रियाकडे जातात, आणि कोणत्या टोकावर वास जास्त आहे त्यावरून त्याला दिशा कळते. वारा अनुकूल असेल तर मेलेल्या जनावराचा वास त्याला कित्येक किलोमीटरांवरून लागतो. डोळे शाबूत आहेत, पण ते हालचाल चांगली टिपतात, स्थिर वस्तू तितकी नाही. कान बेताचे. ओरडून त्याला पळवू म्हणणाऱ्याने हे लक्षात ठेवावं. ओरडायचं ते सोबत्यांना कळावं म्हणून.

त्याचा चावा मगरीसारखा चिरडणारा नसतो. जबड्याची ताकद देहाच्या मानाने कमीच आहे. पण तोंडात साठेक दात, मागे वळलेले, कडेला करवतीसारखे. २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात दिसलं की या दातांच्या धारेवर लोहाचा नारिंगी थर असतो. तो दात रोवतो आणि मानेच्या जोरावर मागे ओढतो. त्यातून लांब, खोल चीर पडते. त्याच्या लाळेतल्या जंतूंमुळे सावज सडून मरतं, ही जुनी समजूत आता मागे पडली आहे. विषाचे अभ्यासक ब्रायन फ्राय आणि सहकाऱ्यांनी २००९ साली खालच्या जबड्यातल्या विषग्रंथींचं वर्णन केलं: त्यातली द्रव्यं रक्त गोठू देत नाहीत आणि रक्तदाब उतरवतात. हे विष प्रत्यक्ष शिकारीत किती काम करतं यावर तज्ज्ञांचा वाद आहे. आपल्या दृष्टीने दोन्ही बाजूंचा अर्थ एकच निघतो, की जखम वाहणार आणि लवकर थांबणार नाही.

बोटीतून उतरण्याआधी

रेंजर सोबत घेणं हा उद्यानाचा नियम आहे. तो टाळून गावातल्या कुणाच्या तरी ओळखीने फिरायची टूम काढू नका. २०१७ साली सिंगापूरचा एक पर्यटक गावातली जनावरं खाणाऱ्या ड्रॅगनचे फोटो घ्यायला फार जवळ गेला आणि ड्रॅगन त्याच्या पायाला चावला. सोबत रेंजर नव्हता.

पायात घोटा झाकणारे बूट घाला, जाड कापडाची पँट घाला. याने चावा अडणार नाही, पण बूट घातलेला माणूस घसरत नाही आणि चपलेतला घसरतो, आणि इथे पडणं महाग आहे. खाण्याचं काही बरोबर नेऊ नका, मासळी-मटणाचे हात लागलेली पिशवी तर अजिबात नको. फक्त पाणी.

अंगावर ताजी जखम असेल, नाकातून रक्त येत असेल किंवा पाळी चालू असेल तर रेंजरला आधी सांगा. पाळीबद्दल उद्यानातच विचारलं जातं. त्यात लाजण्यासारखं काही नाही आणि सहल रद्द करायचीही गरज पडत नाही. रेंजर तुम्हाला गटाच्या मध्यभागी आणि आपल्या जवळ चालवतो, एवढंच. जखम असेल तर ती धुऊन, घट्ट पट्टी बांधून मगच उतरा.

प्रथमोपचाराची पिशवी प्रत्येक गटात एक तरी हवी, आणि तिच्यात चिकटपट्ट्यांच्या आधी या वस्तू हव्यात: जाड गॉझचे मोठे गठ्ठे, दाबून बांधायच्या रुंद पट्ट्या, एक तयार टूर्निकेट (हातापायाभोवती आवळून रक्त थांबवायचा पट्टा) आणि खुणेचा पेन. टूर्निकेट पिशवीत असून वापरता येत नसेल तर त्याचा उपयोग नाही. आदल्या दिवशी एकमेकांच्या मांडीवर एकदा बांधून बघा. हसाल, पण हात बसेल.

बोटीच्या कप्तानाला विचारून ठेवा की वायरलेस चालू आहे का. संकटाच्या हाकेसाठी सागरी व्हीएचएफचा १६ नंबरचा चॅनल असतो. इंडोनेशियाच्या शोध-बचाव दलाचा फोन ११५ आहे, पण बेटांवर मोबाइलची रेंज येते-जाते, तिच्यावर विसंबू नका.

वाटेवर चालताना

एका रांगेत, अंतर न पाडता, रेंजरच्या मागे. मुलं मध्ये, आणि त्यांचा हात मोठ्या माणसाच्या हातात. शेवटी राहणारा माणूस फोटोवेडा नसावा. १९७४ साली एक वयस्क स्विस बॅरन कोमोडो बेटावर सोबत्यांपासून मागे राहिला आणि पुन्हा कुणाला दिसला नाही. त्याच्या स्मरणार्थ उभारलेला क्रूस बेटावर आहे. रेंजर तो दाखवतात तेव्हा रांग आपोआप सरळ होते.

नजर तीन ठिकाणी ठेवा: वाटेच्या कडेचं झुडूप, झाडाखालची सावली आणि इमारतींच्या खालची मोकळी जागा. तिसरी जागा पर्यटकांच्या लक्षात येत नाही. खांबांवरच्या स्वयंपाकघरांखाली ड्रॅगन हमखास पसरलेले असतात, कारण वरून वास येतो. रिंचावर २००९ साली एक ड्रॅगन जिना चढून कार्यालयाच्या खोलीत गेला, टेबलाखाली बसला आणि खुर्चीवर येऊन बसलेल्या कर्मचाऱ्याला त्याने चावलं. त्या माणसाने अर्धं आयुष्य ड्रॅगनमध्ये काढलं होतं. टेबलाखाली कोण बघतं! तेव्हापासून माझा सल्ला असा की खोली, शौचालय, बाकडं, ओटा, कुठेही टेकण्याआधी खाली वाकून न बघता दुरूनच बघा.

वाकून न बघता असं मुद्दाम म्हटलं. उभा माणूस ड्रॅगनच्या नजरेत उंच आणि विचित्र प्राणी असतो. बसलेला, ओणवा झालेला किंवा पडलेला माणूस हरणाच्या मापाचा होतो. २००७ साली गेलेला आठ वर्षांचा मुलगा झुडपाआड शौचाला गेला होता. २००९ साली गेलेला माणूस फळं काढताना सीताफळाच्या झाडावरून पडला आणि खाली दोन ड्रॅगन होते. म्हणून बुटाची नाडी बांधायची असेल तर रेंजरला थांबवा, पाय दगडावर ठेवा आणि उभ्यानेच बांधा. कॅमेऱ्यासाठी जमिनीवर पोटावर झोपणारे महाभाग दर मोसमात असतात, त्यांना रेंजर हात धरून उठवतो. निसर्गाची हाक आलीच तर ठाण्यावरच्या शौचालयात जा, आणि दुसऱ्याला दारात उभं करा.

कॅमेऱ्याचा पट्टा, ओढणी, जॅकेटची बाही असं लोंबणारं काही हलवत चालू नका. लॉस एंजेलिसच्या प्राणिसंग्रहालयात २००१ साली पत्रकार फिल ब्रॉनस्टीन ड्रॅगनच्या पिंजऱ्यात शिरले. ड्रॅगनला पांढरे उंदीर खायला घालत, म्हणून पांढरे बूट त्याला उंदरांसारखे वाटतील अशा शंकेने त्यांना ते काढायला सांगितलं होतं. मग ड्रॅगनने उघड्या पायाचा अंगठा धरला. पाळीव, माणसाळलेला, रोज जेवायला मिळणारा ड्रॅगन हे करतो, तेव्हा जंगलातल्याबद्दल जास्त बोलायला नको.

त्याचं अंग काय सांगतंय

पडलेला ड्रॅगन, हनुवटी जमिनीला टेकलेली, जीभ क्वचित बाहेर: तो विश्रांती घेतोय. बघा, पुढे चला.

डोकं वर उचललं, जीभ भराभर आत-बाहेर व्हायला लागली, तोंड तुमच्याकडे वळलं: त्याला काहीतरी लागलंय. इथे फोटो संपला. सगळा गट एकत्र, दोन-चार पावलं मागे.

चारही पायांवर अंग जमिनीपासून उचललं, घसा फुगवला, फुसकारला, शेपटी कमानीसारखी बाजूला वळवली: ही धमकी आहे. तुम्ही त्याच्या फार जवळ आहात किंवा त्याच्या घरट्यापाशी आहात. शेपटीचा फटकारा माणसाचा पाय खालून काढून घेण्याइतका जड असतो. गंमत अशी की ही आवाज करणारी स्थिती तुलनेने बरी, कारण तुम्हाला जायला वाट दिली तर तो बहुधा तेवढ्यावर थांबतो.

खरी वाईट खूण आवाजाची नसते. ड्रॅगन गुपचूप, डोकं खाली ठेवून, एका रेषेत तुमच्याकडे चालत येतो, जीभ चालू असते, आणि तुम्ही बाजूला सरकलात की तोही रेषा बदलतो. हे दिसलं की रेंजरला तोंडाने सांगा, बोटाने दाखवा. त्यालाही बहुतेक दिसलेलं असतं, पण दोनदा कळल्याने बिघडत नाही.

अंगावर यायला लागला तर

पाठ फिरवू नका. तोंड त्याच्याकडे ठेवून मागे सरका, पाय घासत, म्हणजे मागच्या दगडाला अडखळणार नाही. गट एकमेकांना चिकटून, मुलं कडेवर किंवा पाठीमागे. रेंजर पुढे येईल. त्याच्या हातात माणसाच्या उंचीहून लांब काठी असते, टोकाला बेचकं. तिचं काम मारायचं नाही. ड्रॅगन टप्प्यात आला की तो बेचकं त्याच्या मानेला किंवा नाकाडाला लावतो आणि तोंड बाजूला ढकलतो. वळवलेलं तोंड म्हणजे बदललेली दिशा. बहुतेक वेळा एक-दोनदा असं झालं की ड्रॅगन कंटाळून दुसरीकडे निघतो. नवख्याने हे बघताना मध्ये पडू नये, आणि दुसरा कुठला ड्रॅगन बाजूने येतोय का याकडे मात्र जरूर बघावं. मांस असलेल्या जागी ते एकेकटे नसतात.

तुमच्या आणि त्याच्या मध्ये काहीतरी आणा: झाडाचा बुंधा, बाकडं, बॅग, कॅमेऱ्याचा स्टँड. चावायचंच असेल तर त्याने बॅगेला चावावं. बॅग त्याच्या तोंडासमोर ढालीसारखी धरा आणि गरज पडली तर सोडून द्या. आतल्या कॅमेऱ्याचा विचार बोटीवर गेल्यावर करता येतो.

पळायचं की नाही? एरवी नाही, कारण पळताना लोक पडतात आणि गट फुटतो. पण तो खरोखर झेपावला, मध्ये काही नाही आणि जिना, भिंत किंवा बोट काही पावलांवर आहे, तर पळा, सरळ रेषेत. नागमोडी पळण्याचा जो सल्ला ऐकिवात आहे तो फुकाचा आहे. त्याने तुम्हालाच जास्त पळावं लागतं. ड्रॅगनला पहिले काही क्षण तुमच्याहून जास्त वेग आहे, मग तो मंदावतो. ते पहिले क्षण काढायचे आहेत.

झाडावर चढावं का? मोठा ड्रॅगन जड असतो, त्याला नीट चढता येत नाही. झाडावर राहतात ती पिल्लं, तीसुद्धा मोठ्यांनी खाऊ नये म्हणून. पण तो मागच्या पायांवर आणि शेपटीवर उभा राहू शकतो, त्यामुळे डोक्याच्या उंचीची फांदी पुरत नाही, चांगलं तीन मीटर वर जावं लागतं. या माळरानावर पुष्कळदा सरळसोट ताडच उभे असतात. ज्याला लहानपणापासून झाडावर चढायची सवय नाही त्याने हा प्रयोग ड्रॅगनसमोर पहिल्यांदा करू नये. चढलात तर मदत येईपर्यंत घट्ट धरून बसा.

पाण्यात शिरणं हाही उपाय नव्हे. तो चांगला पोहतो.

आणि मेल्याचं सोंग! दोन मित्र आणि अस्वलाची गोष्ट शाळेत वाचलेल्या प्रत्येकाच्या मनात हे येतंच. अस्वलाने हुंगून सोडलं म्हणून ड्रॅगन सोडणार नाही. मेलेलं जनावर हे त्याचं नेहमीचं अन्न आहे. श्वास रोखून आडवं होणं म्हणजे त्याला ताट वाढून देणं. पडलात तर लोळत, रांगत, कसंही करून उठा.

रेंजर नसताना बेटावर अडकलात तर

हे दुर्मीळ, पण घडलेलं आहे. २००८ साली पाच डायव्हर समुद्राच्या ओढीने वाहून गेले आणि कित्येक तासांनी रिंचाच्या किनाऱ्याला लागले. सुटका होईपर्यंत त्यांनी कालवं खाऊन दिवस काढले आणि जवळ येणाऱ्या ड्रॅगनला दगड आणि डायव्हिंगचे शिशाचे पट्टे मारून दूर ठेवलं. त्यांच्याकडून घेण्यासारखं बरंच आहे. ते एकत्र राहिले, झाडीत शिरले नाहीत, आणि त्यांच्या हाताशी फेकायला काहीतरी होतं.

तुमच्यावर ही पाळी आली तर मोकळ्या किनाऱ्यावर थांबा, जिथून चहूकडे नजर जाते आणि बोटींनाही तुम्ही दिसता. मुठीएवढ्या दगडांचा ढीग करा, प्रत्येकाच्या हातात लांब काठी. पाठ एखाद्या उभ्या कड्याला लागत असेल तर एक बाजू सुटली. मासे किंवा कालवं खाल्लीत तर शिंपले आणि आतडी दूर, पाण्यात टाका. झोपायचं ते पाळीपाळीने, आणि रात्री तो फिरत नाही या भरवशावर पहारा उठवू नका. दगड तो टप्प्यात येण्याआधी मारायचे, नाकाडाच्या दिशेने. हरणांच्या पायवाटेवर किंवा पाणवठ्याजवळ मुक्काम अजिबात नको, तिथे तो तुमच्याआधी हजर असतो.

चावा बसला तर

पहिलं काम उभं राहणं. तो पाय धरून मागे ओढतो, म्हणजे तुम्हाला पाडतो. झाड, रेलिंग, सोबत्याचा खांदा, जे सापडेल ते धरा. नाकाडावर आणि डोळ्यांवर मारा, मुठीने, दगडाने, कॅमेऱ्याने. सोबत्यांनी काठीने त्याची मान आणि जबडा दाबावा. त्याच्या जबड्याची पकड मजबूत नसते, त्यामुळे तो सुटतो, पण तुम्ही हिसका मारून पाय ओढलात तर मागे वळलेले दात जखम आणखी फाडतात. सुटका झाली की लगेच दूर. रक्ताचा वास आता दुसऱ्यांनाही लागलाय, तेव्हा जखमेची पाहणी चावल्या जागी नको. जखमीला उचलून उंचावर, खोलीत किंवा बोटीवर न्या, आणि वाटेतच हाताने जखम दाबून धरा.

मग रक्त थांबवणं, इतर सगळं त्यानंतर. गॉझ नसेल तर शर्ट, पण दाब सोडू नका. खोल चिरेत गॉझ बोटाने आत भरा आणि वरून दोन्ही तळहातांनी, हात ताठ ठेवून दाबा. ‘थांबलं का’ म्हणून मिनिटामिनिटाला उचलून बघणं ही सगळ्यांची खोड असते. दहा मिनिटं उचलायचं नाही. कापड भिजलं तर त्यावरच दुसरं.

हातापायातून रक्त उसळत असेल किंवा दाबूनही वाहत राहिलं, तर टूर्निकेट. जखमेच्या वर, धडाच्या बाजूला, चार बोटं अंतरावर. गुडघ्यावर किंवा कोपरावर नको. रक्त थांबेपर्यंत आवळा. ते दुखतं, खूप दुखतं, आणि जखमी सैल कर म्हणून ओरडतो. सैल करू नका. बांधल्याची वेळ त्याच्या कपाळावर किंवा पट्टीवर लिहा. पुढे ते सोडायचं काम डॉक्टरांचं.

हे सर्पदंशाचं प्रकरण नाही. चीर पाडू नका, चोखू नका, बर्फ लावू नका. कोमोडोच्या विषावर उताऱ्याचं इंजेक्शन नाही, त्यामुळे ते शोधत वेळ घालवण्यात अर्थ नाही. दुखण्यावर ॲस्पिरिन किंवा आयबुप्रोफेन देऊ नका, त्यांनी रक्त आणखी पातळ होतं. जखमीला आडवं करा, अंगावर कोरडं पांघरा. उन्हाचा देश असला तरी रक्त गेलेला माणूस गारठतो. चेहरा पांढरा पडला, घाम सुटला, बोलणं तुटक झालं तर तो शॉकमध्ये जातोय, म्हणजे रक्त कमी पडून शरीर खचतंय. त्याला खायला-प्यायला देऊ नका.

आता बोट. साध्या लाकडी बोटीला लाबुआन बाजो गाठायला काही तास लागतात, स्पीडबोटीला त्याच्या निम्म्याहून कमी. म्हणून वायरलेसवरून स्पीडबोट मागवा आणि ती येत असताना तुमची बोटही तिच्या दिशेने निघू द्या. लाबुआन बाजोला रुग्णालय आहे, आणि मोठ्या जखमांसाठी पुढे विमानाने बालीला नेतात. तेव्हा पासपोर्ट आणि विम्याचे कागद जखमीबरोबर जाऊ द्या, हॉटेलच्या तिजोरीत नकोत. धावत जमणाऱ्या गर्दीतल्या एकालाच हे काम सांगा, सगळ्यांना सांगितलं की कुणीच करत नाही.

रक्त आटोक्यात असेल आणि प्रवास लांबचा असेल तर छोट्या जखमा भरपूर स्वच्छ पाण्याने धुवा. दाबपट्टी बांधलेली मोठी जखम मात्र उघडू नका.

रुग्णालयात डॉक्टरांना या गोष्टी स्वतःहून सांगा: कोणता प्राणी, किती वाजता, टूर्निकेट कधी बांधलं, आणि रोजची कोणती औषधं चालू आहेत, विशेषतः रक्त पातळ करणारी. ड्रॅगनचे दात सहज तुटतात आणि जखमेत राहतात, म्हणून एक्स-रे मागा. बोटं हलतात का, स्पर्श कळतो का हे तपासून घ्या, कारण चिरेत शिरा आणि मज्जातंतू कापले जातात आणि ते पहिल्या दिवशी लक्षात येत नाही. धनुर्वाताचं इंजेक्शन आणि प्रतिजैविकं लागतातच. रक्त गोठतंय की नाही याची तपासणी एकदा करून भागत नाही, काही तासांनी पुन्हा करायला सांगा. वरवर लहान दिसणारी जखम घाईने टाके घालून बंद करत असतील तर आत धुतली आहे का हे विचारायला संकोच करू नका. घरी परतल्यावर जखमेभोवती लाली वाढली, पू दिसला किंवा ताप आला तर त्याच दिवशी डॉक्टरकडे जा.